संख्यात्मक संगणनातील सामायिक लायब्ररी संचिका : स्वरूप, कार्य आणि संशोधनातील विश्वासार्हतेचा प्रश्न

सारांश

मॅटलॅब, सायलॅब, ऑक्टेव्ह, आर, पायथन यांसारख्या संख्यात्मक संगणन प्रणालींचा वापर आज विज्ञान, वाणिज्य, अर्थशास्त्र व भूगोल अशा सर्व विद्याशाखांत होतो. या प्रणाली स्वतः फार थोडे गणित करतात. प्रत्यक्ष आकडेमोड त्यांच्याबरोबर किंवा संगणकावर स्वतंत्रपणे असणाऱ्या सामायिक लायब्ररी संचिका करतात. या संचिकांचे स्वरूप, त्यांचा इतिहास, त्यांच्यामुळे मिळणारा वेग आणि त्यांच्यामुळे उत्तरांत पडू शकणारा फरक यांचे विवेचन प्रस्तुत लेखात केले आहे. संशोधनाची फेरतपासणी शक्य व्हावी यासाठी या संचिकांची नोंद ठेवणे आवश्यक आहे, असे प्रतिपादन शेवटी केले आहे.

बीजशब्द : सामायिक लायब्ररी, ब्लास, लापॅक, फ्लोटिंग पॉइंट अंकगणित, पुनरुत्पादनक्षमता

१. प्रस्तावना

हजार अज्ञात राशी असलेल्या हजार एकघाती समीकरणांचा संच सोडवावयाचा असल्यास आजच्या संशोधकाला फारसे कष्ट पडत नाहीत. सायलॅब किंवा ऑक्टेव्हमध्ये सहगुणकांचे मॅट्रिक्स आणि उजव्या बाजूचा सदिश भरला, त्या दोहोंमध्ये एक तिरकी रेघ दिली, की क्षणार्धात उत्तर पडद्यावर येते. ते उत्तर प्रबंधात किंवा शोधनिबंधात जाते आणि खाली ‘गणनेसाठी अमुक प्रणालीचा वापर केला’ असे एक वाक्य लिहिले जाते.

हे वाक्य खोटे नसते. परंतु ते अपुरे असते. संशोधकाने ज्या प्रणालीचे नाव लिहिले तिने केवळ आज्ञा वाचली, मॅट्रिक्सचा आकार तपासला आणि काम दुसऱ्याकडे सोपविले. तो दुसरा म्हणजे संगणकाच्या एखाद्या फोल्डरमध्ये असलेली एक सामायिक लायब्ररी संचिका होय. तीच प्रणाली, तीच आवृत्ती आणि तीच माहिती असूनही दोन संगणकांवर उत्तराचे शेवटचे अंक वेगळे येतात, किंवा एका संगणकावर दहा मिनिटे घेणारी गणना दुसऱ्यावर एका मिनिटात संपते, तेव्हा त्याचे कारण पुष्कळदा या संचिकेत दडलेले असते. मार्गदर्शक, परीक्षक आणि संशोधक विद्यार्थी या तिघांनाही या संचिकेची ओळख असणे म्हणूनच हिताचे आहे.

२. सामायिक लायब्ररी : संकल्पना

वारंवार लागणारी उपकार्ये, उदाहरणार्थ वर्गमूळ काढणे, दोन सदिशांचा अदिश गुणाकार करणे, मॅट्रिक्सचे अवयव पाडणे, एकदाच लिहून ती एका संचिकेत एकत्र ठेवली की तिला लायब्ररी म्हणतात. मूळ आज्ञावलीला ती दोन प्रकारांनी जोडता येते.

पहिला प्रकार स्थिर जोडणीचा. यात आज्ञावली तयार होतानाच लायब्ररीतील आवश्यक भागांची नक्कल तिच्यात कायमची समाविष्ट केली जाते. अशी आज्ञावली स्वयंपूर्ण असते; परंतु दहा आज्ञावलींनी तीच लायब्ररी वापरली तर डिस्कवर आणि स्मृतीत तिच्या दहा नकला होतात. लायब्ररीतील एखादा दोष दुरुस्त झाला तरी या दहाही आज्ञावली पुन्हा बांधाव्या लागतात.

दुसरा प्रकार गतिमान जोडणीचा. यात आज्ञावलीमध्ये केवळ ‘या नावाच्या संचिकेतील या नावाचे उपकार्य हवे’ अशी नोंद असते. आज्ञावली सुरू होताना ऑपरेटिंग सिस्टिममधील लोडर नावाचा घटक ती संचिका शोधतो, स्मृतीत आणतो आणि नावांची गाठ प्रत्यक्ष पत्त्यांशी घालतो. अनेक आज्ञावली एकाच वेळी चालू असल्या तरी लायब्ररीतील आज्ञांची एकच प्रत स्मृतीत राहते आणि सर्वजण ती वापरतात. म्हणून तिला ‘सामायिक’ म्हणावयाचे. विंडोजमध्ये अशा संचिकांच्या नावाच्या शेवटी ‘डीएलएल’, लिनक्समध्ये ‘एसओ’ आणि मॅकमध्ये ‘डायलिब’ ही अक्षरे असतात. या कल्पनेचे मूळ १९६० च्या दशकातील मल्टिक्स या प्रणालीपर्यंत मागे जाते. युनिक्सच्या जगात ती १९८० च्या दशकाच्या उत्तरार्धात रुजली.

या व्यवस्थेचे लाभ उघड आहेत : जागा वाचते आणि एक संचिका दुरुस्त केली की तिच्यावर अवलंबून असणाऱ्या सर्व आज्ञावली आपोआप दुरुस्त होतात. तथापि याच लाभाची दुसरी बाजूही आहे. एक संचिका बिघडली, बदलली किंवा तिच्या जागी त्याच नावाची दुसरी संचिका आली, तर त्या सर्व आज्ञावलींचे वर्तन बदलते आणि त्यांतील एकही अक्षर बदललेले नसते.

३. ऐतिहासिक आढावा

संख्यात्मक लायब्ररींचा इतिहास हा मुख्यतः फोरट्रान या भाषेचा आणि अमेरिकेतील राष्ट्रीय प्रयोगशाळा व विद्यापीठे यांच्या सहकार्याचा इतिहास आहे. १९७० च्या दशकात आरगॉन राष्ट्रीय प्रयोगशाळेच्या पुढाकाराने आयगेनमूल्यांसाठी ‘आइसपॅक’ आणि एकघाती समीकरणांसाठी ‘लिनपॅक’ हे संच तयार झाले. चार्ल्स लॉसन, रिचर्ड हॅन्सन, डेव्हिड किनकेड आणि फ्रेड क्रोग यांनी १९७९ मध्ये ‘ब्लास’ म्हणजे रेषीय बीजगणिताची मूलभूत उपकार्ये प्रसिद्ध केली. ब्लास ही लायब्ररी होतीच, परंतु त्याहून अधिक तो एक करार होता. उपकार्याचे नाव काय असावे, त्याला कोणती माहिती कोणत्या क्रमाने द्यावी आणि त्याने काय परत करावे, एवढे या कराराने ठरविले. आतील काम कसे करावयाचे हे प्रत्येक यंत्राच्या निर्मात्यावर सोडले.

पहिल्या पातळीच्या ब्लासमध्ये सदिश व सदिश यांच्यातील क्रिया होत्या. १९८८ मध्ये दुसऱ्या पातळीची, म्हणजे मॅट्रिक्स व सदिश यांच्यातील क्रियांची, आणि १९९० मध्ये तिसऱ्या पातळीची, म्हणजे मॅट्रिक्स व मॅट्रिक्स यांच्यातील क्रियांची भर पडली. या दोन्ही टप्प्यांत जॅक डोंगारा यांचा प्रमुख वाटा होता. संख्यात्मक संगणनातील एकंदर कार्याबद्दल त्यांना २०२१ चा ट्युरिंग पुरस्कार मिळाला. तिसऱ्या पातळीच्या पायावर १९९२ मध्ये ‘लापॅक’ उभे राहिले आणि त्याने आइसपॅक व लिनपॅक या दोहोंची जागा घेतली.

मॅटलॅबचा जन्मही याच परंपरेतील आहे आणि तो अध्यापकांना विशेष जवळचा वाटावा असा आहे. न्यू मेक्सिको विद्यापीठात गणित शिकविणारे क्लीव्ह मोलर यांना आपल्या विद्यार्थ्यांनी फोरट्रान न लिहिता लिनपॅक व आइसपॅक वापरावेत असे वाटत होते. त्यासाठी १९७० च्या दशकाच्या अखेरीस त्यांनी जी सोपी आज्ञावली रचली, ती पहिली मॅटलॅब होय. पुढे १९८४ मध्ये मॅथवर्क्स ही कंपनी स्थापन झाली आणि २००० मध्ये मॅटलॅबच्या सहाव्या आवृत्तीने लापॅकचा स्वीकार केला. सायलॅब, ऑक्टेव्ह, आर आणि पायथनमधील नमपाय यांच्याही मुळाशी हेच दोन संच आहेत. वरवर स्पर्धक दिसणाऱ्या या प्रणाली तळघरात एकाच पायावर उभ्या आहेत.

४. वेग कोठून येतो?

ब्लासच्या तीन पातळ्यांमधील फरक एका उदाहरणाने स्पष्ट होतो. हजार घटकांच्या दोन सदिशांचा अदिश गुणाकार करताना सुमारे दोन हजार संख्या स्मृतीतून आणाव्या लागतात आणि सुमारे दोन हजारच गणितक्रिया होतात. म्हणजे आणलेल्या प्रत्येक संख्येचा उपयोग एकदाच होतो. याउलट हजार ओळी व हजार स्तंभ असलेल्या दोन मॅट्रिक्सचा गुणाकार करताना उत्तरासह ३० लाख संख्यांचा संबंध येतो. गणितक्रिया मात्र सुमारे २०० कोटी होतात. येथे प्रत्येक संख्येचा उपयोग शेकडो वेळा होतो.

आधुनिक प्रोसेसर ज्या वेगाने गुणाकार करतो त्या वेगाने मुख्य स्मृती त्याला संख्या पुरवू शकत नाही. म्हणून प्रोसेसरजवळ कॅश नावाची लहान पण शीघ्र स्मृती ठेवलेली असते. मॅट्रिक्सचे कॅशमध्ये मावतील असे चौकोनी तुकडे पाडून एकदा आणलेल्या तुकड्याचा पुरेपूर उपयोग करून घेणे, हे वेगाचे खरे रहस्य आहे. तुकड्याचा योग्य आकार प्रत्येक प्रोसेसरसाठी निराळा असतो. त्यामुळे एकाच कराराच्या अनेक अंमलबजावण्या निर्माण झाल्या. नेटलिब या संग्रहातील मूळ ब्लास समजण्यास सोपे, पण संथ आहे. टेनेसी विद्यापीठातील ‘ॲटलास’ हा संच अनेक आकार स्वतः चालवून पाहतो आणि त्या यंत्राला योग्य तो निवडतो. काझुशिगे गोटो यांनी टेक्सास विद्यापीठात प्रोसेसरच्या मूळ भाषेत हाताने रचलेल्या गोटोब्लासवरून २०११ मध्ये चीनमध्ये झांग शियानयी यांनी ‘ओपनब्लास’ सुरू केले. ते आज नमपायच्या नेहमीच्या वितरणात अंतर्भूत असते. इंटेल कंपनीची ‘एमकेएल’ ही लायब्ररीही मोठ्या प्रमाणावर वापरात आहे.

५. एकच नाव, अनेक संचिका

करार एकच असल्याने या लायब्ररी एकमेकींच्या जागी बसविता येतात. डेबियन या लिनक्स वितरणात ‘लिबब्लास’ या नावाच्या संचिकेकडे जाणारी वाट एका आज्ञेने मूळ ब्लासकडून ओपनब्लासकडे वळविता येते आणि आर किंवा ऑक्टेव्ह यांना त्याचा पत्ताही लागत नाही. मोठ्या मॅट्रिक्सची गणना मात्र एकदम कितीतरी पटींनी जलद होते. नवीन संगणक विकत न घेता जुन्याच प्रयोगशाळेतून अधिक काम करवून घेण्याचा हा बिनखर्चाचा मार्ग होय.

अदलाबदलीच्या या सोयीला तीन मर्यादा आहेत. पहिली मर्यादा आवृत्तीची. लिनक्समध्ये सामायिक लायब्ररीच्या नावापुढे एक क्रमांक असतो आणि करार मोडणारा बदल झाला की तो वाढतो. जीसीसी कंपायलरबरोबर येणाऱ्या फोरट्रानच्या साहाय्यक लायब्ररीचा हा क्रमांक कंपायलरच्या सातव्या आवृत्तीत ३ वरून ४ आणि आठव्या आवृत्तीत ४ वरून ५ झाला. परिणामी जुन्या कंपायलरने बांधलेली आज्ञावली नव्या संगणकावर ‘लायब्ररी सापडत नाही’ असे सांगून थांबते. हा अडथळा त्रासदायक असला तरी प्रामाणिक आहे. कारण चुकीचे उत्तर देण्यापेक्षा थांबणे केव्हाही श्रेयस्कर.

दुसरी मर्यादा शोधाच्या क्रमाची. लोडर ठरावीक फोल्डरे ठरावीक क्रमाने पाहतो आणि प्रथम सापडणारी संचिका घेतो. मोठ्या प्रणाली स्वतःबरोबर अनेक लायब्ररींच्या आपल्या प्रती आणतात. अशा प्रणालीत वापरकर्त्याने नव्या कंपायलरने बांधलेला भाग घातला, तर त्याला हवी असलेली नवी लायब्ररी संगणकावर असूनही प्रणालीची जुनी प्रत आधी पुढे येते.

तिसरी मर्यादा पूर्णांकांच्या आकाराची. ब्लासच्या प्रचलित रूपात मॅट्रिक्सचे आकार ३२ बिटांच्या पूर्णांकात सांगितले जातात. या पूर्णांकाची कमाल किंमत २,१४,७४,८३,६४७ आहे. ४६,३४१ ओळी व तितकेच स्तंभ असलेल्या मॅट्रिक्सची घटकसंख्या ही सीमा ओलांडते. अशा मॅट्रिक्ससाठी ६४ बिटांच्या पूर्णांकांची लायब्ररी लागू शकते. ३२ बिटांची अपेक्षा करणाऱ्या आज्ञावलीला ६४ बिटांची लायब्ररी दिली, किंवा याच्या उलट केले, तर उपकार्याचे नाव तेच असल्याने लोडर हरकत घेत नाही. गणना मात्र कोसळते किंवा निरर्थक ठरते. म्हणून अनेक वितरणांत ६४ बिटांच्या उपकार्यांच्या नावांना वेगळा प्रत्यय लावतात.

६. उत्तरांत फरक का पडतो?

शालेय गणितात बेरजेचा साहचर्य नियम निरपवाद असतो. संगणकातील फ्लोटिंग पॉइंट अंकगणितात तो पाळला जातोच असे नाही. १९८५ मध्ये निश्चित झालेल्या आणि आजही सुधारित रूपात लागू असलेल्या ‘आयईईई ७५४’ या मानकानुसार दुहेरी अचूकतेच्या संख्येत सुमारे १६ सार्थ अंक मावतात. १० चा १६ वा घात घेऊन त्यात १ मिळविला आणि नंतर तोच घात वजा केला, तर उत्तर ० येते. कारण मिळविलेला १ पूर्णांकनात नाहीसा होतो. आधी घातातून घात वजा करून मग १ मिळविला तर उत्तर १ येते.

ओपनब्लास आणि मूळ ब्लास एकाच अदिश गुणाकारातील पदे निरनिराळ्या क्रमाने मिळवितात. प्रोसेसरमध्ये एका वेळी चार किंवा आठ पदे हाताळण्याची सोय असेल तर क्रम आणखी बदलतो. काम अनेक गाभ्यांत वाटले असेल तर तो गाभ्यांच्या संख्येवरही अवलंबून राहतो. म्हणून शेवटच्या एकदोन अंकांतील फरक हा दोष नसून या अंकगणिताचा स्वभाव आहे. दोन्ही उत्तरे सारखीच ग्राह्य असतात.

प्रश्न गंभीर होतो तो संवेदनशील समीकरणसंचांच्या बाबतीत. दहा ओळींच्या हिल्बर्ट मॅट्रिक्सचा कंडिशन नंबर सुमारे १.६ गुणिले १० चा १३ वा घात इतका आहे. अशा मॅट्रिक्सवर आधारित उत्तरात १६ पैकी सुमारे १३ अंकांचा भरवसा देता येत नाही. तेथे लायब्ररी बदलताच चौथ्यापाचव्या अंकापासून उत्तर बदलू शकते. परस्परांशी निकट संबंध असलेली अनेक स्वतंत्र चले घेऊन केलेल्या समाश्रयण विश्लेषणात हीच स्थिती उद्भवते. लायब्ररी बदलल्याने आलेला मोठा फरक हा येथे वस्तुतः एक इशारा असतो : उणीव लायब्ररीत नसून प्रश्नाच्या मांडणीत आहे. जो संशोधक एकाच संगणकावर एकदाच गणना करतो, त्याला हा इशारा कधीच मिळत नाही.

७. दोन बोधप्रद घटना

वरील फरक स्वाभाविक होते. पुढील दोन घटना मात्र खऱ्या बिघाडाच्या आहेत.

पहिली घटना २०२० मधील. त्या वर्षी वितरित झालेल्या विंडोज १० च्या २००४ या आवृत्तीत भागाकाराची बाकी काढणारे सी भाषेच्या लायब्ररीतील एक उपकार्य विशिष्ट प्रसंगी प्रोसेसरच्या जुन्या गणन विभागाची स्थिती बिघडवून सोडत असे. त्यानंतर ओपनब्लासमधील काही उपकार्ये त्याच विभागाचा वापर करीत आणि संख्येऐवजी ‘संख्या नव्हे’ अशी खूण परत देत. नमपायचा, ओपनब्लासचा किंवा वापरकर्त्याचा यात अपराध नव्हता; शेजारच्या तिसऱ्याच संचिकेचा होता. नोव्हेंबर २०२० मध्ये आलेली नमपायची १.१९.४ ही आवृत्ती सुरू होतानाच एक लहान चाचणी करी आणि ती फसल्यास काम नाकारी. विंडोजमधील दुरुस्ती २०२१ च्या प्रारंभी उपलब्ध झाली.

दुसरी घटना २०२२ मध्ये उजेडात आली. जीसीसी कंपायलरमध्ये वेगासाठी अंकगणिताचे नियम शिथिल करणारा एक पर्याय आहे. या पर्यायाने बांधलेली सामायिक लायब्ररी नुसती स्मृतीत येताच प्रोसेसरला अतिसूक्ष्म संख्यांना शून्य मानण्याची सूचना देत असे. पायथनचे काही लोकप्रिय संच असे बांधलेले आढळले. या संचांचा गणिताशी संबंध नसला तरी त्याच आज्ञावलीतील इतरांचे गणित त्यामुळे बदलत होते. १० च्या उणे ३०८ व्या घाताहूनही लहान अशा या संख्या क्षुल्लक वाटतील. परंतु दोन संख्या भिन्न असतील तर त्यांची वजाबाकी शून्य येणार नाही, ही हमी त्यांच्यावरच अवलंबून असते. त्या हमीवर विसंबून भागाकार करणारी आज्ञावली येथे शून्याने भागू लागते. २०२३ मधील जीसीसीच्या तेराव्या आवृत्तीपासून सामायिक लायब्ररींपुरते हे वर्तन बंद करण्यात आले.

दोन्ही घटनांतून एकच बोध मिळतो. सामायिक लायब्ररी एकाच आज्ञावलीच्या घरात एकत्र राहतात आणि एकीच्या वागण्याचा परिणाम दुसरीवर होऊ शकतो.

८. महाविद्यालयीन संशोधनासाठी निष्पत्ती

महाविद्यालयांमध्ये मुक्त प्रणालींचा प्रसार वाढत आहे. मुंबईच्या भारतीय तंत्रज्ञान संस्थेतील ‘फॉसी’ प्रकल्पाने सायलॅब, पायथन आदी प्रणालींचा शिक्षणात वापर व्हावा यासाठी केलेले कार्य सर्वपरिचित आहे. त्याच संस्थेच्या ‘स्पोकन ट्युटोरियल’ उपक्रमातील काही पाठ मराठीतूनही उपलब्ध आहेत. मुक्त प्रणालींमध्ये तळाची लायब्ररी पाहता येते, बदलता येते आणि तपासता येते. या स्वातंत्र्याबरोबर नोंद ठेवण्याची जबाबदारीही येते. त्या दृष्टीने पुढील गोष्टी उपयुक्त ठरतील.

(अ) शोधनिबंधात प्रणालीच्या नावाबरोबर तिची आवृत्ती, ब्लास व लापॅक यांची अंमलबजावणी, ऑपरेटिंग सिस्टिम आणि प्रोसेसर यांचा उल्लेख करावा. आरमधील ‘सेशन इन्फो’, नमपायमधील ‘शो कॉन्फिग’ आणि मॅटलॅब व ऑक्टेव्हमधील ‘व्हर्जन’ या आज्ञांद्वारे ही माहिती मिळते. लिनक्समधील ‘एलडीडी’ ही आज्ञा एखादी आज्ञावली कोणत्या सामायिक संचिका मागते आणि त्या कोठे सापडतात हे दाखविते.

(आ) महत्त्वाचा निष्कर्ष किमान दोन भिन्न लायब्ररींवर तपासून पाहावा. जे अंक दोन्हीकडे जुळतात तेवढेच कोष्टकात द्यावेत. पडद्यावर १५ अंक दिसतात म्हणून १५ अंक छापण्याने अचूकता वाढत नाही.

(इ) मोठा फरक आढळल्यास प्रथम मॅट्रिक्सचा कंडिशन नंबर काढावा आणि मगच लायब्ररीला दोष द्यावा.

(ई) प्रबंधाचे काम चालू असताना प्रयोगशाळेतील संगणकांच्या आवृत्त्या बदलल्यास त्या दिवसाची नोंद करावी आणि जुन्या माहितीवरील एखादी गणना नव्याने करून उत्तर पडताळावे.

९. समारोप

रसायनशास्त्राचा संशोधक द्रावणाची शुद्धता नोंदवितो आणि भौतिकशास्त्राचा संशोधक उपकरणाची लघुतम मापनक्षमता सांगतो. संगणकावर गणना करणाऱ्या संशोधकाचे उपकरण म्हणजे केवळ पडद्यावर दिसणारी प्रणाली नव्हे. तिच्या तळाशी असलेली सामायिक लायब्ररीही त्या उपकरणाचाच भाग आहे. तीत अनेक दशकांचे, अनेक देशांतील गणितज्ञांचे श्रम साठलेले आहेत आणि सर्वसाधारणपणे ती विश्वासास पात्रही आहे. परंतु विश्वास आणि अज्ञान यांत अंतर आहे. परीक्षकाने ‘हे उत्तर दुसऱ्या संगणकावर असेच येईल काय?’ असे विचारल्यास विद्यार्थ्याला आधाराने उत्तर देता यावे, एवढ्यासाठी तरी या अदृश्य संचिकांची ओळख अभ्यासक्रमाबाहेरची मानली जाऊ नये.